परत ठेवलेली सरकी

श्रावण थूलचा दिवस पहाटे चारला सुरू व्हायचा. जिनिंगची पाळी सहाची आणि चालत रस्ता पाऊण तासाचा, म्हणजे सव्वापाचला घर सोडलं तरी चालण्यासारखं होतं. पण दिवसाचं पहिलं काम जिनिंगचं नसायचं, पाण्याचं असायचं. चुलीवर पातेलंभर पाणी तापवायचं, दोन बाटल्यांत भरायचं, बाटल्या पोत्याच्या तुकड्यात गुंडाळायच्या आणि झोपलेल्या लेकीच्या, पौर्णिमाच्या गुडघ्यांना लावून ठेवायच्या. हिवाळ्यात पहाटेचा गारठा हाडांत शिरला की तिचं दुखणं उठे, आणि एकदा उठलं की तीन-तीन दिवस बसत नसे. पाणी फार तापलं तर कातडी भाजते. कमी तापलं तर अर्ध्या तासात निवतं. श्रावण पाण्यात कोपर बुडवून अंदाज घ्यायचा. बोटांवर त्याचा विश्वास नव्हता, इतके त्यांना घट्टे पडले होते.

वस्ती वेणा नदीच्या पलीकडे होती. पूल ओलांडला की हिंगणघाट. तिथल्या एका जिनिंगमध्ये त्याने सव्वीस हंगाम काढले. दिवाळीपासून एप्रिलपर्यंत जिनिंग, पुढे पावसाळाभर मालधक्क्यावर हमाली, नाहीतर कुणाच्या शेतात निंदण. जिनिंगमध्ये त्याचं काम रेच्यावर कापूस घालण्याचं. रेचा म्हणजे कापसातून सरकी वेगळी काढणारं यंत्र. दिसायला काम सोपं: हातात कापूस घ्या, टाका. पण मूठ मोठी झाली तर रेचा गुदमरतो, लहान झाली तर रिकामा फिरतो आणि मुनीम ओरडतो. एकसारखी मूठ आठ तास टाकत राहणं ही खरी मेहनत. पहिल्या तासाची मूठ आणि आठव्या तासाची मूठ सारखी असेल तोच कामगार. श्रावणची असायची.

आणखी एका गोष्टीसाठी त्याचं नाव होतं. तो उतारा सांगायचा. शंभर किलो कापसातून किती किलो रुई निघाली, तो उतारा. मालाचा मेटाडोर फाटकात आला की श्रावण त्यातून एक बोंड उचलायचा, अंगठ्याने सरकी सोडवायचा, रुई तळहातावर दाबायचा आणि आकडा बोलायचा. चौतीस. साडेतेहेतीस. संध्याकाळी काट्यावर तोच आकडा निघायचा, फार तर अर्ध्या किलोचा फरक. त्याचे वडील नत्थूजी शाळेत गेले नव्हते, पण कुठून तरी पावकी शिकले होते आणि निंदताना पोराकडून म्हणून घ्यायचे. एक पाव पाव, दोन पाव अर्धा, तीन पाव पाऊण, चार पाव एक. श्रावण सातवी शिकला. पुस्तकातले अपूर्णांक त्याला परके वाटले नाहीत. त्याने ते सगळे पाव आणि अर्ध्यात बसवून घेतले. टक्के म्हणजे शेकडा. चौतीस टक्के म्हणजे पाच क्विंटलला एकशेसत्तर किलो, म्हणजे नेमकी एक गठाण. हिशेब बरोबर मांडला की माल तसाच निघतो, हे त्याने रोज डोळ्यांनी पाहिलं होतं.

बंडूजी त्याच्या शेजारच्या रेच्यावर होते, वयाने दहा वर्षांनी मोठे. ते म्हणायचे, या श्रावणच्या पोटात काटा बसवला आहे, जेवण झाल्यावर स्वतःचं वजनही सांगेल. वस्तीत कुणाला लग्नाच्या पंगतीसाठी तांदूळ किती लागतील ते विचारायचं असलं, की माणसं श्रावणकडे येत.

पौर्णिमा दोन वर्षांची असताना तिची बोटं सुजली. आधी हातांची, मग पायांची. ताप चढला, रडणं थांबेना. हिंगणघाटच्या डॉक्टरने वर्ध्याकडे मोठ्या दवाखान्यात पाठवलं. तिथे रक्त तपासलं तेव्हा कळलं, सिकलसेल. पोरीचं एसएस निघालं, म्हणजे आजार. आई-बापाचं एएस, म्हणजे रक्तात दोष, पण स्वतःला त्रास नाही. त्या कागदावर सही करताना श्रावणने दोन्ही अक्षरं नीट पाहून घेतली.

मोहिनी मॅडम नावाच्या समुपदेशक बाईंनी दोघांना समोर बसवलं आणि कागदावर चार घरं आखली. एका घरात आजार, दोन घरांत आईबापासारखं एएस, एक घर अगदी स्वच्छ. म्हणाल्या की तुम्हा दोघांच्या प्रत्येक बाळाला आजार होण्याची शक्यता पंचवीस टक्के. पुढचं बाळ राहिलं तर पहिल्या तीन महिन्यांच्या आत या, पोटातल्या बाळाचीही तपासणी होते. बोलल्या त्या सावकाश आणि नीट. बाकावरची दुसरी माणसं चार-चार वेळा विचारत होती. श्रावणला एकदाच ऐकून कळलं. शेकडा पंचवीस, म्हणजे पाव. चारातलं एक. मॅडमनी विचारलं, समजलं ना? तो म्हणाला समजलं. पुन्हा विचारायला लावणं त्याला कमीपणाचं वाटलं.

पुढची दोन वर्षं कांताने, त्याच्या बायकोने, दुसऱ्या लेकराचं नाव काढू दिलं नाही. पौर्णिमाला घेऊन बसने वर्ध्याला जा, रक्त चढवा, परत या, यातच तिचा महिना संपायचा. शेवटी एका दुपारी श्रावणने हिशेब मांडला. घरी बकरी होती, तिच्यासाठी डब्यात सरकी असायची. त्याने चार सरक्या घेतल्या, एकीला चुलीची काजळी फासली आणि चारही कांतासमोर ठेवल्या. काळी उचलून सदऱ्याच्या खिशात टाकली.

"ही आपल्या वाट्याची होती. येऊन गेली," तो म्हणाला. "आता राह्यल्या तीन. तिन्ही पांढऱ्या. चार पाव एक."

कांताने त्या तीन सरक्या उचलून पाहिल्या.

"तुमचा हिशेब कधी चुकला नाई," ती म्हणाली. "म्हणून हो म्हणून राह्यली मी."

दिवस राहिले. तीन महिन्यांच्या आत तपासणीला जायचं, ही गोष्ट तिने एकदा काढली. श्रावणने सांगितलं की ज्या गठाणीचं वजन झालं ती पुन्हा काट्यावर कशाला चढवायची. हंगाम जोरात होता, एक दिवस बुडाला तर मुकादम दुसरा माणूस लावायचा. जिनिंगमध्ये बिडी ओढताना त्याने बंडूजींनाही हा हिशेब ऐकवला. तिथे अजून दोघेतिघे होते. सगळ्यांना पटला. श्रावणने सांगितलेला आकडा न पटायचं कारण नव्हतं.

समीक्षा जन्मली तेव्हा गुबगुबीत होती. आठ महिन्यांपर्यंत श्रावणने तिच्याकडे पाहून काही काळजी केली नाही. आठव्या महिन्यात तिच्या उजव्या हाताची तीन बोटं सुजली.

दवाखान्यातला कागद आला, एसएस. श्रावणने तपासणी पुन्हा करायला लावली. दुसऱ्यांदाही तेच. तेव्हा त्याला वाटलं की मॅडमचा आकडाच खोटा असेल, पंचवीस नसून पन्नास असेल. पण त्यांच्या भिंतीवरच्या तक्त्यावर पंचवीसच लिहिलेलं होतं. तो तक्ता त्याने तीनदा वाचला. त्या दिवशी कांता आत मॅडमजवळ पुष्कळ वेळ बसली होती. बाहेर आली ती काही बोलली नाही. बसमध्येही नाही.

त्यानंतर श्रावणने उतारा सांगणं सोडलं. मेटाडोर आला की तो रेच्याकडे तोंड करून उभा राही. कुणी विचारलं तर मुनीमाला विचार म्हणायचा. बंडूजींनी एक-दोनदा चिडवून पाहिलं, मग सोडून दिलं. घरात कांता त्याला काही मोजायला सांगेनाशी झाली. मीठ किती, दाळ किती, ती स्वतःच्या मुठीने घालू लागली. भांडण एकदाही झालं नाही. पहाटे चारला आता चार बाटल्या भराव्या लागत, एवढाच घरातला फरक.

पौर्णिमा शाळेत हुशार होती, पण महिन्यातले आठ-दहा दिवस घरी किंवा दवाखान्यात जायचे. चुकलेली गणितं घेऊन ती बापाकडे येई. तो म्हणायचा, तुझ्या मॅडमला विचार. फक्त एकदा त्याच्याने तसं म्हणवलं नाही. दोघी बहिणी एकाच वेळी भरती होत्या, पौर्णिमा अकराची, समीक्षा साडेसहाची. पौर्णिमाच्या हाताला सलाईन होतं आणि ती डाव्या हाताने पुस्तक धरून एका गणितावर अडली होती. टाकीचा तीन अष्टमांश भाग भरला तेव्हा पंचेचाळीस लिटर पाणी झालं, तर टाकी केवढी? तिला छेद-अंश उलटसुलट होत होते. दुखण्याने तोंड पांढरं पडलेलं, तरी पुस्तक सोडत नव्हती. श्रावण तिच्याजवळ सरकला.

आठातले तीन म्हणजे दीड पाव, त्याने सांगितलं. दीड पावात पंचेचाळीस, तर एका पावात किती? तीस. आणि चार पाव म्हणजे सगळी टाकी. पौर्णिमा म्हणाली एकशेवीस, आणि हसली. दोन दिवसांत पहिल्यांदा.

समीक्षाला त्यातला दीड पाव एवढाच शब्द आवडला. मग तिला सगळंच दीड पाव हवं झालं. चहा दीड पाव. भाकर दीड पाव. शाळेला निघताना कांताने वेणी घट्ट घातली तर ती म्हणायची, दीड पाव ढिली कर. पाटीवर ती एक गोल काढायची, त्याचे आठ तुकडे करायची, तीन खडूने भरायची आणि बापाला दाखवायची. श्रावण पाहायचा आणि बरोबर आहे म्हणायचा.

सातव्या वर्षी, भादव्यात, तिला ताप आला आणि दम लागू लागला. रात्रीच गाडी केली. दवाखान्याने करायचं ते सगळं केलं. तिसऱ्या दिवशी दुपारी ती गेली. श्रावणने तिला उचलून आणलं. पोती वाहिलेल्या माणसाला ओझं किती ते उचलताच कळतं, आणि त्याला ते कळलं, सोळा किलो. तो आकडा त्याने कुणाला सांगितला नाही.

चार वर्षं गेली. पौर्णिमाचं मध्ये एक वर्ष आजारपणात बुडालं होतं, तरी सोळाव्या वर्षी ती दहावीला पोचली. श्रावणची छाती आता रुईच्या भुकटीने भरली होती. पूल चढताना दोनदा थांबावं लागायचं. डॉक्टर म्हणाला, जिनिंग सोड. तो म्हणाला, हा हंगाम करतो.

फेब्रुवारीतला एक रविवार होता. अंगणात ऊन आलं होतं आणि पौर्णिमा गुडघे उन्हात ठेवून गणितं करत होती. कांता सुपात तूर पाखडत होती. श्रावण खाटेची सुतळी ओढत होता. पौर्णिमाला मोठ्याने वाचायची सवय होती. एका पेटीत चार चेंडू आहेत, एक लाल, तीन पांढरे. न पाहता एक काढला तर लाल येण्याची शक्यता किती? एक छेद चार, पंचवीस टक्के, तिने लिहिलं. पुढचं वाचलं. लाल चेंडू निघाला, तो परत पेटीत ठेवला आणि पुन्हा एक काढला. आता लाल येण्याची शक्यता किती?

"शून्य," श्रावण म्हणाला. इतक्या वर्षांत त्याने आपण होऊन आकडा सांगितला नव्हता. तो तोंडातून निघून गेला.

पौर्णिमाने मान वर केली. "शून्य काऊन?"

"लाल तं निघाला ना."

"बाबा, परत ठेवला ना तो पेटीत. हे पाहा, लिहिलंच हाय."

"ठेवला तरी एक बारी निघून गेला. चार पाव एक. त्यातला एक पाव खर्च झाला."

ती हसायला लागली. "चेंडूले थोडी याद राह्यते, का बा आपण मघाशी निघालतो म्हणून. पेटीत चार होते, परत चारच हायेत."

श्रावणला ते पटेना. तो उठला, डब्यातून चार सरक्या आणल्या, एकीला काजळी फासली. पोरीसमोर मांडल्या. काळी उचलली आणि सदऱ्याच्या खिशात टाकली. म्हणाला, आता सांग यात काळी कुठे आहे.

पौर्णिमाने हात पुढे केला, बापाच्या खिशात दोन बोटं घातली, काळी सरकी काढली आणि बाकीच्या तिन्हींत ठेवून दिली.

"खिशात नाई टाकाची," ती म्हणाली. "दर बारीले परत ठेवाची. तेच तं गणित हाय."

कांताचं सूप थांबलं होतं.

श्रावणने चारही सरक्या एका फडक्यात बांधल्या आणि घराच्या मागच्या भिंतीपाशी जाऊन बसला. डोळे मिटून एक काढायची, पाहायची, भिंतीवर कोळशाने रेघ ओढायची, परत ठेवायची, फडकं हलवायचं. काळी आली तर रेघेवर फुली. घाई केली नाही. शंभर वेळा केलं. उन्हं उतरेपर्यंत सत्तावीस फुल्या झाल्या. शेकडा सत्तावीस, मॅडमचा आकडा खरा होता. मग त्याने फुल्या कुठे कुठे आहेत ते पाहिलं. काळीनंतर लगेच काळी, असं सहा ठिकाणी झालं होतं. एका ठिकाणी तर लागोपाठ तीनदा.

जिनिंगमध्ये शंभर किलो एकाच ढिगाचे असतात. रुई निघत जाते तसा ढीग कमी होतो. इथे ढीग कमीच होत नव्हता. दर वेळी नवे चार. मॅडम प्रत्येक बाळाला म्हणाल्या होत्या, आणि त्याने ते ऐकलंही होतं. ऐकून ढिगात टाकलं होतं.

संध्याकाळी जेवायला बसल्यावर भाकरी मोडण्याआधी तो बोलला.

"कांता, ते सरकी म्या खिशात टाकलती. परत ठेवाची होती."

कांताने ताटात कालवण वाढलं. वाढून झाल्यावर म्हणाली, "मले मालूम हाय."

त्याने तिच्याकडे पाहिलं.

"समीचा कागद आला त्या दिवशी मॅडमनं मले परत समजावलं. तवाच समजलं मले, आपलं कुठं चुकलं ते."

"मंग सांगतलं काऊन नाई?"

"सांगून काय झालं असतं? पहाटे कोणत्या हातानं पाणी तापवलं असतं तुम्ही?"

पौर्णिमा ताटावर बसली होती. तिला आता सगळं कळलं होतं, दुपारी आपण काय शिकवलं तेही.

श्रावण म्हणाला, माह्या चुकीनं ती आली.

"आली ते बोला," कांता म्हणाली. "सात वर्षं होती ते आपल्यापाशी. हिशेब चुकला म्हणा, म्या कधी नाई म्हटलं नाई. पण पोरीले चुकी नका म्हणू माह्यासमोर."

त्या रात्री तिघांनी जेवण संपवलं. कुणी ताट टाकून उठलं नाही.

इथेच गोष्ट संपली असती तर ती एका घराची राहिली असती. पण मंगळवारी जिनिंगमध्ये बंडूजींनी सगळ्यांच्या हातावर पेढा ठेवला. त्यांच्या मुलाच्या, रोशनच्या बायकोला दुसऱ्यांदा दिवस राहिले होते, दुसरा महिना. रोशनचा पहिला मुलगा सिकलसेलचाच, त्यामुळे घरात सून घाबरलेली होती. बंडूजींनी तिची समजूत घातली होती. श्रावणकडे वळून ते म्हणाले, तूच सांगितलं होतंस बारा वर्षांमागे, एक आजारी झालं की उरलेले तीन चांगले. तेच तिला सांगितलं, तेव्हा कुठे पोरगी जेवली.

श्रावणने पेढा हातात धरून ठेवला. म्हणाला, माझ्या घरी काय झालं ते तुम्ही पाहिलं ना.

"तुह्या घरी नशीब उलटलं," बंडूजी म्हणाले. "हिशेबात खोट नाई. तुह्या उताऱ्यावर आम्ही डोळे मिटून राह्यलो आतापर्यंत."

पाळी सुटल्यावर श्रावण सरळ बंडूजींच्या घरी गेला. चार सरक्या सोबत होत्या, सोमवारपासून त्या त्याच्या खिशातच होत्या. त्याने बंडूजींना समजावून पाहिलं. ते ऐकेनात. वैतागून म्हणाले की त्या दिवशी एक सांगायचं आणि आज दुसरं, मग माणसानं धरायचं काय? रोशन दाराशी उभा होता, तो बापाकडे पाहायचा आणि श्रावणकडे पाहायचा. शेवटी श्रावणने सुनेला बोलावलं, फडकं पुढे केलं आणि न पाहता एक काढ म्हणाला. तिने काढली. पांढरी. परत ठेवायला लावली. पुन्हा काढली, काळी. परत ठेव म्हणाला. तिने ठेवली, फडकं स्वतःच हलवलं आणि तिसऱ्यांदा हात घातला. काळी.

त्या पोरीने सरकी परत फडक्यात ठेवली. मग तिने विचारलं, "उद्या कोणत्या गाडीनं जा लागते, काकाजी?"

श्रावणने एक दिवस बुडवला आणि तिघे मोठ्या दवाखान्यात गेले. तिथून त्यांना नागपूरला पाठवलं, तिथेही तो गेला. बाळाला आजार नव्हता. बंडूजी पुन्हा पेढे घेऊन आले आणि म्हणाले, बघ, शेवटी तुझाच पहिला हिशेब खरा ठरला. श्रावणने पेढा घेतला नाही. तो म्हणाला, पांढरी निघाली, बस. हिशेबाने निघाली नाही.

तो हिशेब बारा वर्षांत किती घरांत गेला असेल, हे त्याला मोजता येत नव्हतं. बिडी ओढताना ऐकणारे चौघे, त्यांच्या बायका, त्यांच्या बहिणी, नातेवाईक. रविवारी तो घरोघर जाऊ लागला. पण छाती साथ देत नव्हती. चार घरं झाली की पाचव्या ओट्यावर बसून राहावं लागे. त्यातही काही माणसं सरक्यांच्या खेळाला हसली, आणि एक म्हातारी म्हणाली की तुझ्या पोरी तू सांभाळ, आमच्या सुनांना भिववू नको. तो तिथूनही फडकं न उघडता उठला नाही.

मार्चमध्ये पौर्णिमाने परीक्षा दिली. भूमितीच्या दिवशी दुखणं उठलं होतं; कांता आणि श्रावणने तिला दोन्ही बाजूंनी धरून वर्गापर्यंत नेलं. पेपर तिने पूर्ण लिहिला. परत येताना तिनेच सुचवलं की घरोघर जाण्यापेक्षा गणित एकदाच लिहून वस्तीतल्या बुद्धविहारात लावावं. विहारात सगळे येतात, लग्नं तिथेच लागतात.

एप्रिलच्या शेवटी रेचे बंद झाले. श्रावणने आपला रेचा पुसला, पट्टा उतरवून खुंटीला लावला आणि मुनीमाला सांगितलं की पुढच्या हंगामाला माझी वाट पाहू नका. मुकादमाने शेवटची मजुरी दिली. ती घेऊन तो घरी न जाता सुताराकडे गेला. फळा चांगल्या लाकडाचा हवा होता, पावसात फुगायला नको. सुताराने दोन फळ्या दाखवल्या. त्याने दोन्ही उचलून पाहिल्या आणि जड होती ती घेतली. मग पेंटर. पौर्णिमाने वहीच्या पानावर मजकूर लिहून दिला होता: "एका पिशवीत चार सरक्या आहेत. एक काळी, तीन पांढऱ्या. न पाहता एक काढली, ती काळी निघाली. ती परत ठेवली. आता पुन्हा काळी निघण्याची शक्यता किती?" पेंटरने विचारलं, उत्तर कुठे लिहू? श्रावणने सांगितलं, जागा सोड. तिथे खडूने लिहितील, पुसतील.

विहाराला कुणी पंखा दिला, सतरंजी दिली, तर त्यावर नाव घालायची रीत आहे. पेंटरने नाव विचारलं. श्रावण म्हणाला, माझं नको. मग त्याने जे नाव सांगितलं ते पेंटरने खालच्या कोपऱ्यात पिवळ्या रंगात काढलं: कालकथित समीक्षा श्रावण थूल. यत्ता दुसरी.

पिशवी कांताने केली. समीक्षाच्या शाळेच्या फ्रॉकचा खिसा उसवला, तोंडाला दोरी ओवली, आत चार सरक्या टाकल्या. ती पिशवी फळ्याशेजारी खिळ्याला लावली आहे. ज्या रविवारी फळा लागला, त्या दिवशी पहिला हात तिनेच घातला. काय निघालं ते पाहिलं, कुणाला दाखवलं नाही, आणि परत ठेवलं.

फळा, रंग, दोन मोठे खिळे आणि खडूची एक पेटी. श्रावणच्या सव्वीस हंगामांतली शेवटची मजुरी एवढ्यात संपली.